मुलीच्या क्लिनिकसाठी भाड्याने दिलेला गाळा परत हवाय: कोर्ट नेमकं काय तपासतं?

पुण्याच्या पेठेतला एक जुना वाडा. रस्त्याला लागून खाली एक गाळा. १९७१ साली आजोबांनी तो वह्या-पुस्तकांच्या दुकानासाठी भाड्याने दिला. आता आजोबा नाहीत आणि दुकान सुरू करणारे गृहस्थही नाहीत. गल्ल्यावर त्यांचा मुलगा बसतो, तोही साठीला आलाय. वरच्या मजल्यावर मालकीणबाई राहतात. त्यांची मुलगी फिजिओथेरपिस्ट झाली, काही वर्षं दुसऱ्यांच्या हॉस्पिटलात नोकरी केली, आता तिला स्वतःचं क्लिनिक काढायचंय. घरात एक खोली मोकळी आहे, पण ती वर. आणि वर जायला लाकडी जिना, अरुंद, जवळजवळ उभा, धरायला वरून सोडलेला दोर. गुडघ्याचं ऑपरेशन झालेला पेशंट त्या जिन्याने चढणार कसा?

हे उदाहरण मी समजावण्यासाठी रचलं आहे, पण नाशिकच्या मेन रोडला किंवा कोल्हापूरच्या महाद्वार रोडला फिरलात तर असं घर तुमचं तुम्हालाच सापडेल. अशा घरात वाद सुरू झाला की दोन वाक्यं हमखास ऐकू येतात. मालक म्हणतात, "जागा आमची, मग आम्हालाच का मिळू नये?" भाडेकरू म्हणतो, "पन्नास वर्षं बसलोय, आम्हाला कोण उठवणार?" कोर्टात या दोन्ही वाक्यांना एकट्याने फारशी किंमत नाही. नुसती मालकी आहे म्हणून जागा खाली करून मिळत नाही, आणि पन्नास वर्षं झाली म्हणून कोणी कायमचा हक्कदारही होत नाही. कोर्ट विचारतं ते असं: गरज कोणाची, कसली, आणि याच जागेची का?

आधी तुमचं प्रकरण कोणत्या कायद्यात बसतं ते पाहायला हवं. मी बघितलंय, लोक इथेच चुकतात आणि मग दोन-चार वर्षं चुकीच्या दारात घालवतात.

महाराष्ट्रात जुन्या भाडेकरूंना संरक्षण देणारा कायदा म्हणजे महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९. तो ३१ मार्च २००० पासून लागू झाला. त्याआधी राज्यात तीन वेगवेगळे कायदे चालत होते: पश्चिम महाराष्ट्रात आणि मुंबईत १९४७ चा मुंबई भाडे कायदा, विदर्भात १९४९ चा मध्य प्रांत आणि वऱ्हाडचा आदेश, मराठवाड्यात हैदराबादचा १९५४ चा कायदा. म्हणून जुनी कागदपत्रं चाळताना नागपूरच्या आणि लातूरच्या भाडेकरूंची भाषा वेगवेगळी दिसते. या सगळ्या कायद्यांचं मूळ दुसऱ्या महायुद्धाच्या काळातल्या टंचाईत आहे. घरं कमी, माणसं जास्त, म्हणून भाडी गोठवली आणि भाडेकरूला मनमानी काढता येणार नाही अशी व्यवस्था केली. मुंबई कायद्यात तर १ सप्टेंबर १९४० चं भाडं हा पाया धरला होता. १९९७ च्या डिसेंबरात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट सांगितलं की इतकी वर्षं भाडी गोठवून ठेवणं आता वाजवी राहिलेलं नाही, आणि त्यानंतर नवा कायदा आला. नव्या कायद्याने मालकाला वर्षाला ४ टक्के वाढ दिली. ती किती पडते पाहा: २००० साली महिना ३०० रुपये भाडं असलं, तर पंचवीस वर्षं दर वर्षी चार-चार टक्के वाढवूनही ते ८०० च्या आसपास जातं. पेठेतल्या गाळ्याला ८०० रुपये! मालकाच्या मनातली खदखद समजून घ्यायची असेल तर हा आकडा लक्षात ठेवावा. पण पुढे सांगेन, हीच खदखद कोर्टात त्याच्या अंगाशी येऊ शकते.

हा कायदा सगळ्यांना लागू नाही. बँका, सरकारी कंपन्या, परदेशी दूतावास, बहुराष्ट्रीय कंपन्या, आणि ज्यांचं भरणा झालेलं भागभांडवल १ कोटी रुपये किंवा जास्त आहे अशा कंपन्या भाडेकरू असतील, तर त्यांना भाडे नियंत्रणाचं कवच मिळत नाही. तुमच्या गाळ्यात बँकेची शाखा असेल तर गरज सिद्ध करायची भानगडच नाही. मालमत्ता हस्तांतरण कायद्याप्रमाणे नोटीस देऊन भाडेपट्टा संपवायचा आणि कब्जासाठी दावा लावायचा. तसंच अलीकडे बहुतेक गाळे 'लीव्ह अँड लायसन्स'वर दिले जातात. तिथे समोरचा माणूस भाडेकरू नसतो, परवानाधारक असतो. मुदत संपली की त्याचा हक्क संपतो. फक्त एक लक्षात घ्या: राहत्या घराच्या लायसन्ससाठी सक्षम प्राधिकाऱ्यापुढे जलद मार्ग आहे, तो दुकानाला नाही. दुकानासाठी नेहमीचा दिवाणी मार्गच धरावा लागतो. गोव्यात १९६८ चा स्वतंत्र कायदा आहे, त्यामुळे तिथल्या वाचकांनी इथली कलमं तशीच उचलू नयेत.

आपल्या वाड्यातला पुस्तकवाला मात्र जुना, संरक्षित भाडेकरू आहे. वडील वारले म्हणून त्याची भाडेदारी संपली नाही. व्यवसायाच्या जागेत मूळ भाडेकरूच्या मृत्यूच्या वेळी कुटुंबातलं जे माणूस त्याच्यासोबत तिथे धंदा करत होतं, त्याच्याकडे ती जाते. त्याला काढायचं तर कायद्याने जी ठरावीक कारणं दिली आहेत त्यातलं एखादं सिद्ध करावं लागतं. भाडं थकवणं, परस्पर पोटभाडेकरू ठेवणं, सहा महिने विनाकारण जागा न वापरणं, अशी ती कारणं आहेत. आपल्याला हवं ते कारण कलम १६ (१) (जी) मध्ये आहे: मालकाला ती जागा वाजवी आणि प्रामाणिकपणे स्वतःच्या वापरासाठी हवी असणं. महाराष्ट्रात हे कलम घराला जसं लागू आहे तसं दुकानालाही. दिल्लीत तसं नव्हतं. तिथला कायदा फक्त राहत्या जागेसाठी हे कारण देत होता, आणि व्यापारी जागेच्या मालकांना २००८ पर्यंत थांबावं लागलं. सर्वोच्च न्यायालयाने तो भेद असमर्थनीय ठरवला तेव्हा कुठे त्यांना दार उघडलं.

कलमात शब्द 'स्वतःसाठी' असा आहे. मग मुलीचं काय? यावर आता वाद उरलेला नाही. सर्वोच्च न्यायालयाने मालकाच्या गरजेत कुटुंबाची गरज धरली आहे. २००२ साली पंजाबच्या एका प्रकरणात मुलगा चार्टर्ड अकाउंटंट होता आणि त्याला ऑफिससाठी जागा हवी होती. कोर्टाने सांगितलं की ज्याची गरज भागवणं मालक आपलं कर्तव्य मानतो, ज्याच्याशी त्याचे भावनिक, सामाजिक, आर्थिक धागे जुळलेले आहेत, त्याची गरज ही मालकाचीच गरज. आपल्या समाजात बाप मुलाच्या पोटापाण्याची सोय लावतो, हे न्यायमूर्तींनी कागदावर मान्य केलं. एप्रिल २०२५ मध्ये अलाहाबादच्या एका चित्रपटगृहाच्या जुन्या वादातही कुटुंबाची गरज असाच मोकळा अर्थ घेऊन पाहिली गेली.

आता 'वाजवी' आणि 'प्रामाणिक' हे दोन शब्द. दोन्ही वेगळे आहेत. प्रामाणिक म्हणजे मनातून खरी. भाडेकरूला हुसकून जास्त भाड्याने दुसऱ्याला द्यायचा डाव त्यामागे नसावा. वाजवी म्हणजे बाहेरून पाहणाऱ्यालाही पटेल अशी. १९९९ सालच्या एका गाजलेल्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने न्यायाधीशांना सांगितलं की स्वतःला मालकाच्या खुर्चीत बसवून बघा, ही गरज नैसर्गिक, खरी, मनापासूनची वाटते का? नुसती इच्छा एका टोकाला आणि अगतिकता दुसऱ्या टोकाला. गरज या दोहोंच्या मध्ये कुठेतरी असते.

हे 'मध्ये कुठेतरी' फार महत्त्वाचं आहे, कारण भाडेकरूचे वकील नेहमी मालकाला अगतिकतेच्या टोकापर्यंत ढकलायला बघतात. नोकरी आहे ना, मग क्लिनिक कशाला? उपाशी तर नाही ना? महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात मालक ज्या कंपनीत कामाला होता तिथे टाळेबंदी झाली आणि त्याने स्वतःच्या जागेत किराणा दुकान काढायचं ठरवलं. खालच्या कोर्टांनी त्याला विचारलं, नोकरी सोडली का, भांडवल कुठेय, अनुभव कुठेय? १९९९ साली सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. आपल्या जागेत धंदा करायचा विचार करण्यासाठी माणसाने आधी नोकरी गमवावी किंवा उपासमारीच्या कडेला जावं अशी अपेक्षा कायदा करत नाही, असं त्यात म्हटलं आहे. त्याच वर्षीच्या दुसऱ्या एका निकालात पूर्वानुभवाचा मुद्दाही निकालात निघाला. अनुभव असला तर चांगलंच, पण अनुभव नाही म्हणून माणूस खोटं बोलतोय असं म्हणता येत नाही.

आपल्या फिजिओथेरपिस्ट मुलीला उलटतपासात काय विचारतील याची मी कल्पना करतो. साक्षीदाराच्या पिंजऱ्यात ती उभी आहे. समोरचे वकील विचारतात, "मशिनं घेतली का?" नाही. "कर्जाचा अर्ज केला?" नाही. "मग क्लिनिक काढणार हे कशावरून?" अशा वेळी घाबरून खोटं उत्तर देणाऱ्या साक्षीदाराची केस तिथेच पडते. तिने खरं सांगावं: "जागाच नाही तर मशिनं ठेवू कुठे? बँकेला जागेचा पत्ता कोणता देऊ?" हे उत्तर साधं आहे, आणि कोर्टाला ते कळतं.

म्हणून माझं पहिलं सांगणं: ज्याची गरज आहे त्याने स्वतः साक्षीला यावं. आई वादी असली तरी मुलीची साक्ष हवीच. कितीतरी घरांत मुलगा पुण्याबाहेर असतो, म्हणून मामा किंवा मेहुणा मुखत्यारपत्र घेऊन पिंजऱ्यात उभा राहतो. २००४ साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलंय की मुखत्यार स्वतः केलेल्या कृतींबद्दल बोलू शकतो, पण ज्या गोष्टी फक्त मूळ व्यक्तीलाच माहीत आहेत त्यांबद्दल तिच्या जागी साक्ष देऊ शकत नाही. 'मला क्लिनिक काढायचंय' ही तर पूर्णपणे आतली गोष्ट. ती मामा कसा सांगणार?

याच जागेची गरज का, हा प्रश्न भाडेकरू सगळ्यात जोरात मांडतो. "तुमची कोथरूडला सदनिका आहे, तिथे काढा." "वरच्या मजल्यावर खोली आहे की." इथे न्यायालयांचा कल गेली बरीच वर्षं मालकाच्या बाजूने आहे: कोणती जागा सोयीची हे मालकाने ठरवायचं, भाडेकरूने नाही. २०१४ च्या दिल्लीच्या प्रकरणात मालकाकडे गल्लीत एक दुकान होतंच, त्याला मुख्य रस्त्यावरचं हवं होतं. कोर्टाने म्हटलं, गल्लीतच धंदा कर असं भाडेकरू त्याला सांगू शकत नाही. फेब्रुवारी २०२५ मध्ये झारखंडच्या एका प्रकरणात मालकाला दोन बेकार मुलांसाठी अल्ट्रासाउंड मशीन बसवायचं होतं. त्याच्याकडे इतर मालमत्ता आहेत, ही भाडेकरूची तक्रार कोर्टाने मान्य केली नाही.

पण याचा अर्थ मालकाने इतर जागा लपवाव्यात असा मुळीच नाही. उलट, हे माझ्या मते संपूर्ण दाव्यातलं सगळ्यात नाजूक ठिकाण आहे. दाव्याच्या अर्जातच सगळ्या जागा सांगून टाका, आणि प्रत्येक जागा का चालत नाही ते एकेका ओळीत लिहा. कोथरूडची सदनिका राहती आहे आणि सोसायटी तिथे व्यवसाय करू देत नाही. वरची खोली आहे, पण जिना असा आहे. त्या जिन्याचे फोटो लावा, पायऱ्या मोजा, दोर दिसू द्या. लपवलेली जागा उलटतपासात बाहेर आली की मग प्रश्न सोयीचा राहत नाही, प्रामाणिकपणाचा होतो.

प्रामाणिकपणाला घातक दुसरी गोष्ट म्हणजे आधीचा पत्रव्यवहार. चार वर्षांपूर्वी मालकीणबाईंच्या भावाने व्हॉट्सॲपवर लिहिलेलं असतं: "भाडं पंधरा हजार करा नाहीतर जागा सोडा." ती एक ओळ भाडेकरूचा वकील मोठ्या अक्षरात छापून आणतो. आठशे रुपयांच्या भाड्यावर वैतागलेल्या माणसाचा राग मला समजतो. पण भाडं वाढवून मिळालं असतं तर गरज उरली नसती, असा निष्कर्ष त्या ओळीतून निघू शकतो. ज्याला खरंच मुलीसाठी जागा हवी आहे, त्याने भाडेवाढीची बोलणी आणि जागेची मागणी एकमेकांत मिसळू नये.

हेच दाव्यातल्या कारणांबद्दल. काही ठिकाणी वकील हाताला लागतील ती सगळी कारणं भरतात: थकबाकी, पोटभाडेकरू, उपद्रव, जागेची नासधूस, आणि शेवटी गरज. एखादं पडलं तर दुसरं टिकेल असा त्यामागे हिशेब असतो. जे कारण खरं आहे ते जरूर घाला. पण पोटभाडेकरूचा आरोप खोटा निघाला की न्यायाधीश गरजेकडेही संशयाने पाहायला लागतात. गरज खरी असेल तर ती एकटीसुद्धा उभी राहते.

समजा, गरज सिद्ध झाली. मालक जिंकला? नाही, अजून एक पायरी आहे, आणि भाडेकरूने लढाई खरी इथे लढायची असते. कलम १६ (२) सांगतं की गरजेच्या कारणावर हुकूमनामा, म्हणजे जागा खाली करण्याचा आदेश, देण्याआधी कोर्टाने तुलना करायची: जागा दिल्याने भाडेकरूला जास्त त्रास होईल की न दिल्याने मालकाला? दोघांना दुसरी वाजवी जागा मिळू शकते का, हेही पाहायचं. भाडेकरूचा त्रास जास्त ठरला तर हुकूमनामा नाही.

बरेच भाडेकरू इथे "आमचं पोट यावर आहे" एवढंच सांगून थांबतात. त्याने भागत नाही. उठवल्यावर त्रास तर प्रत्येक भाडेकरूला होणारच, तेवढ्याने तराजू झुकत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने सत्तरच्या दशकातच श्रीनगरच्या एका हॉटेलच्या प्रकरणात सांगितलं आहे. दोन्ही बाजूंनी आपापल्या त्रासाचा पुरावा द्यायचा असतो. भाडेकरूला दुसरी जागा मिळत नाही, हे त्याला दाखवावं लागतं. आणि त्यासाठी आधी शोधावी लागते. अलाहाबादच्या चित्रपटगृहाच्या प्रकरणात, दशकानुदशकं वाद चालूनही भाडेकरूने दुसरी जागा शोधल्याचं दिसलं नाही, हे त्याच्या विरोधात गेलं.

म्हणून आपल्या पुस्तकवाल्या काकांना कोणी हे समजावून सांगायला हवं. नोटीस हातात पडल्या दिवसापासून शोध सुरू करा. एजंटाला भेटलात तर त्याची चिठ्ठी ठेवा, जाहिरातीची कात्रणं ठेवा, ज्या गाळ्याचं भाडं परवडलं नाही तो आकडा लिहून ठेवा. आयकराची विवरणपत्रं, गुमास्ता लायसन, शेजारच्या शाळांशी चालणारा वह्यांचा व्यवहार, हे सगळं दाखवा. दुकानातलं गिऱ्हाईक त्या दोन शाळांवर अवलंबून असेल तर तीन किलोमीटरवर गेल्याने धंदा बुडतो. हा ठोस त्रास आहे. न्यायाधीशाला तो दिसायला हवा. मुलगा आयटीत नोकरीला आहे, काकांच्या नावावर सिंहगड रस्त्याला गाळा आहे आणि तो त्यांनी भाड्याने दिलाय, असं मालकाने दाखवलं तर मात्र पारडं फिरतं. दोन्ही बाजूंचं ऐकताना मला काकांबद्दल जास्त वाईट वाटतं, हे लपवत नाही. साठीच्या माणसाला नवीन गल्लीत पाटी लावायला सांगणं सोपं नाही. पण कोर्टात पुराव्याचा कागदच बोलतो.

याच पोटकलमात एक तरतूद आहे जिच्याकडे मालक-भाडेकरू दोघंही दुर्लक्ष करतात. जागेच्या एका भागाचाच कब्जा दिल्याने कोणाची अडचण होत नसेल, तर कोर्टाने तेवढ्याच भागाचा हुकूमनामा द्यायचा. गाळा रुंद असेल, मागे गोदामासारखी खोली असेल, तर अर्धा क्लिनिकला आणि अर्धा दुकानाला असा मार्ग निघू शकतो. दहा फुटी गाळ्यात ते जमणार नाही. पण जमण्यासारखं असेल तर भाडेकरूने नकाशा काढून कोर्टापुढे ठेवावा.

आता प्रत्यक्ष वाटचाल. मुंबईत आणि पुण्यात असे दावे लघुवाद न्यायालयात (स्मॉल कॉजेस कोर्टात) चालतात. जिथे लघुवाद न्यायालय नाही तिथे दिवाणी न्यायाधीश, कनिष्ठ स्तर यांच्याकडे. भाडे कायद्याखालच्या दाव्याआधी भाडेदारी संपवण्याची वेगळी नोटीस सक्तीची नाही, असं १९७९ साली सात न्यायमूर्तींच्या पीठाने ठरवलं. तरीही बहुतेक वकील नोटीस देतात, आणि मला ते योग्य वाटतं. नोटिशीत गरज पहिल्यांदा कागदावर येते, आणि कधीकधी तिथेच बोलणी सुरू होतात. एकापेक्षा जास्त वारस मालक असतील तर एकटा सहमालकही दावा लावू शकतो, बाकीच्यांचा विरोध नसला म्हणजे झालं. समन्स मिळाल्यावर भाडेकरूने ३० दिवसांत कैफियत, म्हणजे लेखी उत्तर, द्यायची असते, फार तर ९० दिवसांपर्यंत मुदत वाढते. मग मुद्दे ठरतात, सरतपासाचं शपथपत्र (साक्षीदाराची स्वतःची बाजू), उलटतपास, युक्तिवाद, निकाल. खटला चालू असताना भाडेकरूने दर महिन्याचं भाडं वेळेवर भरत राहावं. चांगली केस असलेला माणूस थकबाकीच्या वेगळ्याच कारणाने अडकतो तेव्हा वाईट वाटतं.

निकालावर ३० दिवसांत अपील करता येतं. मुंबईत ते लघुवाद न्यायालयाच्याच दोन न्यायाधीशांच्या पीठापुढे, इतरत्र जिल्हा न्यायालयात. त्यापुढे उच्च न्यायालय, पण तिथे पुरावा नव्याने तोलला जात नाही, मोठी कायदेशीर चूक दाखवावी लागते.

या सगळ्याला वर्षं लागतात, आणि म्हणून एक प्रश्न उभा राहतो. दावा लागला तेव्हा मुलगी तिशीची होती. निकालापर्यंत चाळिशी गाठली, तोवर तिने दुसरीकडे नोकरी धरली. गरज संपली का? उत्तर प्रदेशातल्या एका मालकाने मुलाला दवाखाना काढता यावा म्हणून जागा मागितली होती. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात पोहोचेपर्यंत २३ वर्षं गेली आणि तो डॉक्टर मुलगा मध्येच सरकारी सेवेत लागला. २००१ साली कोर्टाने सांगितलं की गरज पाहायची ती दावा लावला त्या दिवशीची. कोर्टाच्या दिरंगाईत माणूस हातावर हात धरून बसून राहिला नाही म्हणून त्याला शिक्षा करता येत नाही. मात्र नंतरच्या घटनेने गरज पूर्णपणे पुसूनच टाकली, उदाहरणार्थ तशीच दुसरी रिकामी जागा मालकाच्या हातात आली, तर कोर्ट ती घटना विचारात घेऊ शकतं. मालकीणबाई मध्येच वारल्या तरी दावा मरत नाही, वारस तो पुढे नेतात.

हरलेला भाडेकरू अपिलात स्थगिती मागतो तेव्हा त्याला पूर्वीसारखं जुन्याच भाड्यावर बसता येईल असं नाही. हुकूमनामा झाल्यानंतरच्या काळासाठी बाजारभावाने रक्कम भरण्याची अट कोर्ट घालू शकतं. २००४ साली सर्वोच्च न्यायालयाने ते ठरवलं, आणि २००९ मध्ये मुंबईच्या एका प्रकरणात पुन्हा पक्कं केलं. आठशे रुपयांवर बसलेल्या माणसाला अचानक महिना तीस-चाळीस हजार भरायला लागले तर अपील लांबवण्यात त्याला काही फायदा राहत नाही.

म्हणूनच माझ्या डोळ्यांदेखत मिटलेल्या प्रकरणांपैकी बरीचशी उलटतपासाच्या आधीच मिटली. आधीच्या कायद्यात पागडी घेणं गुन्हा होता. १९९९ च्या कायद्याच्या कलम ५६ ने भाडेकरूला जागा सोडण्याबद्दल रक्कम घेणं कायदेशीर केलं. त्यामुळे तडजोड उघडपणे, चेकने, करारावर करता येते. कोर्टात दोघांच्या सहीने तडजोड पुरशिस, म्हणजे तडजोडीचं लेखी निवेदन, द्या आणि तिच्यात तारीख पक्की लिहा: शाळा जूनमध्ये सुरू होतात, काकांचा हंगाम तेव्हाचा, म्हणून कब्जा ऑगस्ट अखेर. अशी बारीक गोष्ट पुरशिशीत आली की माणसं शब्द पाळतात.

जे मालकांनी कधीच करू नये ते म्हणजे रात्रीतून कुलूप घालणं, वीज तोडणं, शटरसमोर विटा रचणं. बेकायदा बाहेर काढलेला भाडेकरू सहा महिन्यांच्या आत विशिष्ट अनुतोष कायद्याखाली (स्पेसिफिक रिलीफ ॲक्ट) दावा लावून कब्जा परत मिळवू शकतो, आणि त्या दाव्यात मालकीचा प्रश्न विचारलाच जात नाही. खरी गरज असलेला माणूस मग स्वतःच्याच जागेत गुन्हेगारासारखा उभा राहतो.

शेवटचा टप्पा अंमलबजावणीचा. भाडेकरू आपणहून उठला नाही तर दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, लावायची, कोर्टाचा बेलीफ येतो, पंचनामा होतो, किल्ली मालकीणबाईंच्या हातात पडते. इथे बहुतेकांना वाटतं की संपलं. पण कलम १७ प्रमाणे कब्जा मिळाल्यापासून एका महिन्यात जागा ज्या कामासाठी मागितली त्या वापरात आली नाही, किंवा वर्षभरात मूळ भाडेकरू सोडून दुसऱ्या कोणाला भाड्याने दिली, तर जुना भाडेकरू १३ महिन्यांच्या आत अर्ज करून आपली जागा परत मागू शकतो, तीही जुन्याच अटींवर. एक महिना म्हणजे तीस दिवस, आणि त्यात पुस्तकांच्या फळ्या काढायच्या, वायरिंग बदलायचं, रंग द्यायचा, उपचाराचा पलंग आणि मशिनं बसवायची. म्हणून बेलीफची तारीख ठरली की त्याच आठवड्यात सुताराला आणि इलेक्ट्रिशियनला बोलावून ठेवावं, क्लिनिकच्या नोंदणीचे कागद तयार करावेत, आणि पहिला पेशंट आला त्या दिवसाची पावती जपून ठेवावी.